अंधार घट्ट पाहिजे

चीनमध्ये युद्धातल्या जखमींची सेवा करता करता वारलेल्या, आमच्या सोलापूरच्या डॉ. कोटणीसांच्या आठवणीत मागे सोलापुरात एके ठिकाणी 'डॉ. कोटनीस की अमर कहानी' दाखवला. टेबलावर लॅपटॉप, शेजारी छोटा प्रोजेक्टर, समोर स्टँडवर ताणलेला पांढरा पडदा. दुपारची वेळ. खिडक्या झाकल्या होत्या, पण सोलापूरचं ऊन ते, फटीफटींतून आत शिरलंच होतं. सिनेमा बरा चालला होता. मग रात्रीचा एक प्रसंग आला आणि पडदा काळा झाला. चेहऱ्याची एक कड तेवढी उजळलेली, मागे कुठंतरी मिणमिणतं काहीतरी, बाकी सगळी रात्र. पुढच्या रांगेतून कुणीतरी म्हणालं, "काहीच दिसंना झालंय, ब्राइटनेस वाढवा की जरा." लॅपटॉपवर बसलेल्या मुलानं लगेच वाढवला. रात्र गेली. तिच्या जागी राखाडी, धुवट उजेड पसरला. मागची भिंत दिसायला लागली, कोपरे दिसायला लागले, लोक निवांत मागे टेकले. पुढचा सगळा सिनेमा त्याच उजेडात झाला.

ती गोष्ट काही केल्या माझ्या मनातून जाईना.

कुणाला दोष द्यावा असं त्यात काही नव्हतं. लोकांना बघायचं होतं, मुलानं दाखवलं. पण ती रात्र कुणीतरी केली होती हो. १९४६ चा सिनेमा. त्या वेळी शांतारामांच्या राजकमल स्टुडिओच्या सेटवर डझनभर दिव्यांमध्ये उभं राहून, कुठला दिवा लावायचा यापेक्षा कुठला विझवायचा, हे एक माणूस ठरवत होता. कॅमेरामन व्ही. अवधूत त्याचं नाव. कार्यक्रमाच्या पत्रिकेत दिग्दर्शक आणि नायक शांतारामबापू होते, नायिका जयश्रीबाई होत्या, मूळ कथा लिहिणारे ख्वाजा अहमद अब्बास होते, संगीतकार वसंत देसाईही होते. अवधूत नव्हते. 'संत तुकाराम'मधला देहूचा साधा, मोकळा उजेड याच माणसाचा. 'कुंकू'मधलं ते घुसमटलेलं घर त्यांचंच आणि 'माणूस'मधल्या शिपायाच्या रात्रपाळ्याही त्यांच्याच. आमच्या गावच्या डॉक्टरला ज्यानं उजेडात उभं केलं, त्याचं नाव आमच्याच गावात कुणी घेतलं नाही. आणि वर त्याची रात्रही पुसली.

हे मला एवढं का लागलं, त्याचं कारण माझे मामा. मामा थिएटरात ऑपरेटर होते. तेव्हा गावाचं घड्याळ म्हणजे मिलचा भोंगा. पाळी सुटली की माणसं घरी जाऊन हातपाय धुवायची आणि खेळाला यायची. पूर्व भागातली पद्मशाली मंडळी तेलुगू सिनेमाला झुंबड करायची, बाकीचे हिंदीला, आणि सकाळच्या खेळाला जुने मराठी सिनेमे लागायचे. मामी डबा भरून द्यायची. कडक भाकरी, शेंगांची चटणी, दह्याची वाटी. ती न सांडता मशीनरूमपर्यंत पोचवायची जबाबदारी माझी. मशीनरूमचा जिना लोखंडी होता, उन्हाळ्यात चपलेतूनसुद्धा पोळायचा. दार उघडलं की अंगावर गरम हवेचा लोट यायचा. जळक्या कारबनचा वास, मशीनच्या तेलाचा वास, आणि फिल्म जोडायच्या सिमेंटचा तो गोडसर, डोक्यात चढणारा वास. मामा बनियनवर उभे असायचे. "ये आत. पण त्या भोकातून थेट उजेडाकडं बघू नको पोरी, डोळे जातील."

मशीनच्या पोटात दोन कारबन, म्हणजे कारबनच्या कांड्या, समोरासमोर बसवलेले असत. एक जाड, एक बारीक, दोघांवर तांब्याचा मुलामा. त्यांच्यामध्ये बोटाच्या पेराहूनही कमी अंतर, आणि त्या फटीत पांढराफेक, निळसर झाक असलेला उजेड पेटलेला. मागं खोलगट आरसा. तो उजेड गोळा करून फिल्मवर फेकायचा. गडद काचेतून बघितलं तर कारबनचं टोक लाल होऊन झिजताना दिसायचं. वितळलेल्या तांब्याचे थेंब खाली पडून घट्ट व्हायचे. ते मी काड्यापेटीत जमवून ठेवायचे. कारबन जळत जाईल तसं अंतर वाढतं आणि पडद्यावरचं चित्र पिवळट पडायला लागतं. म्हणून मामांचा एक हात सदैव त्या चक्रीवर. जरा पुढं, जरा थांब, जरा पुढं. हजार फुटांचं रीळ साधारण ११ मिनिटं चालतं, आणि मिनिटाला ९० फूट फिल्म मशीनच्या दारातून, म्हणजे लेन्समागच्या चौकटीतून पळते. हे आकडे मला शाळेतल्या पाढ्यांच्याही आधी पाठ झाले होते. रीळ संपत आलं की पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात वर एक ठिपका चमकायचा. तो दिसला की दुसऱ्या मशीनची मोटर सुरू, दुसरा ठिपका दिसला की बदल. प्रेक्षकांना कळायचंसुद्धा नाही. त्यांना मामांची आठवण फक्त चित्र अंधुक झालं की यायची. मग खालून आरोळी, "ए ऑपरेटर, झोपलास का बे!"

मशीनच्या आवाजात मामांना संवाद धड ऐकू यायचे नाहीत. ते सिनेमा ऐकत नसत, नुसता बघत. त्यामुळं झालं असं, की नट-नट्यांच्या आधी त्यांना कॅमेरामन ओळखू यायला लागले. त्यांची भाषा वेगळी होती. एखाद्याचा अंधार 'पातळ', एखाद्याचा 'घट्ट'. "ह्या माणसाचा अंधार घट्ट आहे बघ," ते म्हणायचे, "कारबन जरा ढिला पडला की चेहरा बुडाला. ह्याच्या सिनेमाला डोळ्यात तेल घालून बसावं लागतं." घट्ट अंधाराच्या माणसाचा सिनेमा असला, की अर्धे राहिलेले कारबन बाजूला ठेवून ते नवे लावायचे. कारबन मोजून मिळत. मालकाला हिशेब द्यावा लागे. तरीही लावायचे. रुपेरी पडद्याच्या जगात कॅमेरामनचा याहून मोठा सत्कार मी बघितलेला नाही.

पांडुरंग नाईक हे नाव मी पहिल्यांदा त्या खोलीत ऐकलं. सकाळच्या खेळाला 'ब्रह्मचारी' लागला होता. १९३८ चा सिनेमा, आचार्य अत्र्यांची कथा, मास्टर विनायकांचं दिग्दर्शन. 'ब्रह्मचारी' म्हटलं की आपल्याकडं अजूनही माणसं एकच गोष्ट सांगतात, मीनाक्षी शिरोडकरांचं 'यमुनाजळी खेळू खेळ' आणि त्यांचा पोहण्याचा पोशाख. किती लिहिलं गेलं त्यावर! मामांचं लक्ष पाण्याकडं. पाणी आणि उजेड यांचं एकत्र जमवणं ही केवढी कटकट, हे त्यांनी मला तेव्हा समजावलं. पाण्यावरून उजेड उलटा येतो, चेहऱ्यावर नाचतो, पांढरं एकदम 'फाटतं', आणि सावरायला जावं तर ओलं अंग काळवंडतं. त्या काळची फिल्म मंद. तिला भरपूर उजेड लागायचा, आणि भरपूर उजेड दिला की सगळं सपाट व्हायचं. "बघ, फाटलं का कुठं? नाही ना?" मामा चक्री फिरवत म्हणाले, "पांडुरंग नाईक." बस्स, एवढंच. देवाचं नाव घ्यावं तसं.

पुढं मोठेपणी मी त्या नावाच्या मागं लागले, आणि मला जे सापडलं त्यानं मी थक्क झाले. १९३६ साली कोल्हापुरात हंस पिक्चर्स उभी राहिली, तेव्हा तिचे भागीदार होते मास्टर विनायक, बाबूराव पेंढारकर आणि पांडुरंग नाईक. म्हणजे हा माणूस पगारी कॅमेरामन नव्हता, मालकांपैकी एक होता. जो दिवे लावतो त्याचाच पैसा त्या दिव्यांत जळतोय! हंसचा पहिला सिनेमा 'छाया'. वि. स. खांडेकरांची कथा, गरिबीनं आणि अन्यायानं पिचून गेलेल्या एका घराची शोकांतिका. नवी कंपनी, पहिला डाव, आणि विषय असा की प्रेक्षक रडतच बाहेर पडणार. आणि त्यानंतर दोनच वर्षांत त्याच माणसांनी 'ब्रह्मचारी' केला, खळखळून हसवणारा. मग 'ब्रँडीची बाटली', १९३९. मधेच 'ज्वाला'. नट चंद्रमोहनला घेऊन केलेला भव्य पोशाखी सिनेमा, त्यावर कंपनीनं हात सैल सोडून खर्च केला आणि तो चालला नाही. शोकांतिका, फार्स, पोशाखी नाट्य. तीन-चार वर्षांत सगळं, आणि कॅमेऱ्यामागं तोच डोळा.

इथं मला थोडं रेंगाळायचं आहे, कारण या गोष्टीकडं फारसं कुणी लक्ष देत नाही. शोकांतिकेला उजेड देणं आणि फार्सला उजेड देणं यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. शोकांतिकेत अर्धा चेहरा अंधारात ठेवता येतो. ठेवावाच. माणूस काय लपवतोय, काय गिळतोय, हे त्या न दिसणाऱ्या अर्ध्यातून कळतं. फार्समध्ये असं करून बघा, विनोद मेला. 'ब्रँडीची बाटली'मध्ये दामूअण्णा मालवणकरांच्या बगारामला ब्रँडी म्हणजे काय हेच ठाऊक नसतं, आणि तो ती आणायला निघतो. दामूअण्णांचे ते डोळे, ती गोंधळलेली जिवणी, सगळं स्पष्ट दिसलं पाहिजे, शेवटच्या रांगेतल्या माणसालाही. सावली पडली की हशा गेला. म्हणजे कॅमेरामननं आपली सगळी कलाकुसर बाजूला ठेवून नटाला मोकळं सोडायचं. ज्याला सुंदर सावल्या पाडता येतात, त्यानं त्या न पाडणं हे मला फार मोठं वाटतं. नाईकांनी ते केलं. 'छाया'मध्ये लागेल ते 'छाया'मध्ये, 'ब्रह्मचारी'त लागेल ते 'ब्रह्मचारी'त. आणि याचीच किंमत त्यांना नंतर मोजावी लागली असं मला वाटतं. ज्याचा ठसा प्रत्येक चौकटीत उठून दिसतो, त्याच्यावर लेख लिहिले जातात. जो प्रत्येक सिनेमाचा होऊन जातो, तो त्या सिनेमातच विरून जातो.

आणखी एक. त्या दिवसांत मराठी आणि हिंदी अशा दोन्ही आवृत्त्या एकदम निघत. सेट तोच, दिवे तेच, नट बहुधा तेच. आधी मराठीत टेक, लगेच हिंदीत. कॅमेरामनला उजेड एकदाच बसवायचा, पण दोनदा सांभाळायचा. पहिल्या टेकला नट ताजा, दुसऱ्याला घामाघूम, मेकअप वितळायला लागलेला. सेटवर पंखे लावता येत नसत, आवाज यायचा. दिव्यांच्या उष्णतेत उभं राहून दोन भाषांमध्ये एकच दुपार अडवून धरायची. सोलापूरच्या मे महिन्यात राहिलेल्या माणसाला यातली तगमग वेगळी सांगायला नको.

हंसमधून पुढं १९४० मध्ये पुण्यात नवयुग चित्रपट निघाली. पुन्हा तेच तिघं, पुन्हा नवा डाव. मग विनायक वेगळे होऊन त्यांनी 'प्रफुल्ल' काढली, बाबूराव आपल्या वाटेनं गेले. नाईकांचं नाव मग १९४४ च्या, प्रभात फिल्म कंपनीच्या 'रामशास्त्री'च्या छायालेखनात येतं. मालकी गेली, काम राहिलं. भागीदार असताना जसे दिवे लावले तसेच पुढं दुसऱ्याच्या सेटवर लावले असणार, अशी माझी खात्री आहे. काम करणाऱ्या माणसाचा हात खिशाकडं बघून बदलत नाही.

कोटणीसांचा सिनेमा पुन्हा घरी लावून, खोलीत पूर्ण अंधार करून बघितला, तेव्हा एक गोष्ट लक्षात आली. त्यात जनरल फाँग झालेत बाबूराव पेंढारकर. मास्टर विनायकसुद्धा त्यात आहेत. हंसच्या तीन भागीदारांपैकी दोघं सोलापूरच्या डॉक्टरच्या गोष्टीत पडद्यावर दिसतात, चेहऱ्यानिशी, आवाजानिशी. तिसऱ्याचा चेहरा कसा होता हे गावात कुणाला विचारावं? मला तरी असा माणूस भेटलेला नाही.

कॅमेरामननं कंपनीत भागीदार व्हायचं ही काही नाईकांची एकट्याची गोष्ट नव्हती. आपल्याकडं सिनेमाची सुरुवातच तशी झाली. फाळक्यांनी आधी कुंडीतल्या बीचं रोप होताना थोडंथोडं चित्रित केलं, ते दाखवून भांडवल मिळवलं, मग 'राजा हरिश्चंद्र'. फोटोग्राफर आणि निर्माता एकाच अंगरख्यात. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी कॅमेराच स्वतः बनवला. प्रभात १९२९ मध्ये निघाली तेव्हा पाच जणांपैकी एक केशवराव धायबर, कॅमेरामन. 'अमृतमंथन'मध्ये चंद्रमोहनच्या डोळ्याचा तो प्रचंड मोठा क्लोजअप ज्यांनी टेलिफोटो लेन्सनं घेतला, ते धायबर. पुढं ते प्रभातमधून बाहेर पडले, स्वतः निर्मिती आणि दिग्दर्शन केलं, १९३८ मध्ये 'नंदकुमार' काढला. पडद्यावर डोळा भरून टाकणारा माणूस हिशेबाच्या वहीतही डोळा घालून बसलेला.

ही दुहेरी जबाबदारी किती अवघड असेल, याचा मी पुष्कळ विचार केला. नुसता निर्माता असेल तर तो म्हणेल, चला, झालं, पुढचा शॉट. नुसता कॅमेरामन असेल तर म्हणेल, थांबा, अजून एक टेक. दोन्ही एकच माणूस असेल तर हे भांडण त्याच्या पोटात चालतं. कच्ची फिल्म परदेशातून यायची. दुसऱ्या महायुद्धात सरकारनं तिच्यावर नियंत्रण आणलं आणि सिनेमाची लांबी ११००० फुटांवर बांधून टाकली. म्हणजे साधारण दोन तास. वाया गेलेला प्रत्येक फूट ज्याच्या खिशातून जातो, त्यानं अंधारात चेहरा अर्धा बुडवायची जोखीम घ्यायची म्हणजे काय! अंधार जमला नाही तर टेक फुकट. सगळीकडं उजेड टाकणं हा सुरक्षित मार्ग. प्रत्येक वेळी तो समोर असतो, आणि ही माणसं तो टाळत होती.

मला फरेदून इराणींबद्दलही असंच वाटतं. दिग्दर्शक मेहबूब खानांबरोबर या कॅमेरामननं जवळजवळ सगळी कारकीर्द काढली. 'औरत' १९४० चा, काळा-पांढरा. 'मदर इंडिया' १९५७ चा, रंगीत. गोष्ट तीच. आई तीच, शेत तेच, सावकार तोच, बंदुकीची ती गोळी तीच. मध्ये १७ वर्षं, आणि दोन्ही वेळा कॅमेऱ्यामागं फरेदून इराणी. एका आईला एकदा काळ्या-पांढऱ्यात उजळायचं आणि एकदा मातीच्या, भगव्या, आभाळाच्या रंगांत. काळ्या-पांढऱ्यात सावली हाच रंग असतो. रंगीत सिनेमात सावली टाकली तर रंग मरतो, नाही टाकली तर चित्र कॅलेंडरसारखं होतं. हातातली अर्धी विद्या विसरून पुन्हा शिकावी लागली असणार. मेहबूबांच्याच 'आन'च्या वेळी तर १६ मिलिमीटरच्या बारीक फिल्मवर रंगीत चित्रण करून ते ३५ मिलिमीटरवर मोठं केलं होतं. अशी माणसं हातातलं यंत्र बदललं म्हणून हटून बसत नाहीत. 'मदर इंडिया'साठी त्यांना फिल्मफेअर मिळालं, ही समाधानाची गोष्ट. मामा मात्र 'औरत'चाच अंधार श्रेष्ठ मानायचे. हा वाद मी त्यांच्याशी कधी जिंकू शकले नाही.

दादासाहेब फाळके पुरस्कार १९६९ पासून दिला जातो. केवळ छायालेखक म्हणून तो पहिल्यांदा मिळाला व्ही. के. मूर्तींना, २००८ सालासाठी. 'कागज़ के फूल'मध्ये आरशांनी सूर्यकिरण वळवून स्टुडिओत तो प्रकाशाचा झोत पाडणारा माणूस. चाळीसएक वर्षं लागली, आणि त्याआधीची माणसं तर हयातही नव्हती.

आमच्या गावात हे तर रोजचंच आहे. सोलापुरी चादर देशभर गेली. तिच्यावरची नक्षी आधी कुणीतरी आलेखाच्या कागदावर चौकोन भरत काढली, मग कुणीतरी त्याबरहुकूम, मागाला नक्षी सांगणाऱ्या जकार्डच्या पुठ्ठ्यांना भोकं पाडली, तेव्हा माग चालला. ती नक्षी लाखो घरांत अंथरली गेली. चादरीच्या काठावर कारखान्याचं नाव विणलेलं असतं. नक्षी काढणाऱ्याचं नसतं. माझ्या ओळखीत असा एक नक्षीकार होता, म्हातारपणी एसटी स्टँडवर कुणाच्याही खांद्यावरची चादर बघून "ही माझी" म्हणायचा. हळूच म्हणायचा, शेजारच्यालाही ऐकू जाणार नाही अशा आवाजात. त्याच्याही चादरींत मोर होते, भौमितिक चौकोन होते, देवळाचं शिखर होतं. कुणी मागितलं ते त्यानं काढलं. त्याची म्हणून एक शैली नव्हती. प्रत्येक मागणीला तो पुरून उरला, इतकंच.

सगळंच काही निराश करणारं नाही. आमच्याच जिल्ह्यातल्या करमाळ्याकडच्या उन्हात 'सैराट' झाला, तेव्हा त्याचे कॅमेरामन होते सुधाकर रेड्डी यक्कंटी. मूळ तेलुगू माणूस. सोलापूरच्या पूर्व भागात वाढलेल्या कुणालाही यात परकं काही वाटणार नाही. आमचं ऊन ओळखायला मराठीच असलं पाहिजे असं थोडंच आहे! 'सैराट'मधलं ऊन मला माझ्या अंगावरचं वाटलं. दुपारी बारा ते तीनमधलं, ज्यात सावलीसुद्धा पायाखाली लपते ते. पुढं याच माणसानं 'नाळ' दिग्दर्शित केला, मराठीत, आणि कॅमेराही स्वतःच धरला. 'नाळ' बघून बाहेर पडताना मला मामांची फार आठवण झाली. त्यांना दाखवायला हवा होता. त्यांनी पाच मिनिटांत सांगितलं असतं, अंधार घट्ट की पातळ.

मामा गेले. त्यांची थिएटरंही एकेक करत गेली, कारबन गेले, झेनॉनचे दिवे आले, मग फिल्मच गेली. माझ्याकडं त्यांची एक वही आली आहे, निळ्या पुठ्ठ्याची, तेलाचे डाग पडलेली. मालकाला कारबनचा हिशेब द्यायला ठेवलेली. सिनेमाचं नाव, रिळं किती, कारबन किती गेले. आणि शेवटच्या रकान्यात, जो मालकानं मागितला नव्हता, कॅमेरामनचं नाव आणि एखादा शब्द. 'घट्ट.' 'पातळ.' 'पाणी चांगलं.' 'रात्र खरी.' 'चेहरे सफेद, कारबन कमी ठेवणे.' अवधूतांच्या नावासमोर 'नवा कारबन' लिहून खाली रेघ ओढली आहे. नाईकांच्या नावासमोर प्रत्येक वेळी वेगळा शेरा. एकाच माणसाबद्दल इतके वेगवेगळे शेरे वहीत दुसऱ्या कुणाचेच नाहीत.

हल्ली मी या वहीतल्या नोंदी एकेक करून सिनेमांशी ताडून बघते आहे. अडचण श्रेयनामावलीची येते. इंटरनेटवर जुन्या मराठी सिनेमांची माहिती शोधावी तर नट सापडतात, गाणी सापडतात, कॅमेरामनच्या जागी बहुतेक वेळा कोरी जागा. पण त्या काळी थिएटरबाहेर दोन-दोन आण्यांना गाण्यांची पुस्तकं विकत. पातळ कागदाची, आठ-बारा पानांची. त्यात कथा थोडक्यात, गाणी, आणि पहिल्या किंवा मधल्या पानावर सगळ्या तंत्रज्ञांची नावं असत. मंगळवार बाजारात रद्दीच्या ढिगात मला अशी काही मिळाली आहेत. सोलापुरातल्या, पंढरपूर-बार्शीकडच्या, खाली विजापूर-कलबुर्गीपर्यंतच्या घरांतून, माळ्यावरच्या पत्र्याच्या पेटीतून ती अजून निघतील. तुमच्या आजीच्या पेटीत असं पुस्तक निघालं, तर रद्दीत घालण्याआधी ते पान उघडून 'छायालेखन' या शब्दापुढं कुणाचं नाव आहे ते बघा, आणि मला कळवा. हंसची, नवयुगची असतील तर नक्की. आणि पुन्हा कधी कोटणीसांचा सिनेमा दाखवायचा असेल, तर रात्रीचा दाखवा, खिडक्यांवर जाड चादरी टाका. चादरी मी देईन.